गरम पाण्याची करसवलत : अमेरिकेतल्या एका फॉर्मचे चरित्र

अमेरिकेच्या प्राप्तिकर खात्याचा ५६९५ क्रमांकाचा एक फॉर्म आहे. घरात ऊर्जा वाचवणारे साधन बसवले, तर त्या खर्चाचा काही भाग करातून वळता करून घेण्यासाठी तो भरायचा. १९७८ सालच्या विवरणपत्राबरोबर तो पहिल्यांदा आला. ऐंशीच्या दशकाच्या मध्यात निकामी झाला, वीसेक वर्षे अडगळीत पडून राहिला आणि २००६ सालच्या विवरणपत्राबरोबर तोच क्रमांक घेऊन परत अवतरला. त्याच्या रकान्यांत भिंतींचे अस्तर आहे, खिडक्या आहेत, छपरावरची सौर पाती आहेत. पण पहिल्या अवतारापासून आजपर्यंत ज्याने त्याची साथ सोडली नाही, असे एक साधन म्हणजे पाणी तापवण्याचा बंब.

आपल्याकडे जुन्या रुमालांतल्या जमाखर्चाच्या कागदांवरून वाड्यांचा, पंगतींचा आणि तालेवारांच्या कर्जांचा इतिहास लिहिला गेला. फॉर्म ५६९५ हाही तसाच एक कागद आहे. एखाद्या सरकारला आपल्या प्रजेने आंघोळीचे पाणी कशावर तापवावे असे वाटते, आणि ते वाटणे किती दिवस टिकते, हे त्यातून कळते.

आधी एक शब्द उलगडायला हवा. अमेरिकेत ज्याला टॅक्स क्रेडिट म्हणतात, ती आपल्या कलम ८०-सी सारखी वजावट नव्हे. वजावट उत्पन्नातून होते. क्रेडिट थेट करातून वजा होते. आपल्याकडच्या कलम ८७-अ च्या सूटीशी त्याचे नाते अधिक जवळचे. हजार डॉलरची वजावट मिळाली तर कर हजाराच्या काही टक्क्यांनी कमी होतो. हजार डॉलरचे क्रेडिट मिळाले तर कर हजार डॉलरनेच कमी होतो. मात्र मुळात कर हजार डॉलर असायला हवा. कर तीनशेच असेल तर तीनशेच माफ. बंबाच्या क्रेडिटची ही अट पुढे फार महत्त्वाची ठरते.

आणि बंबच का? अमेरिकन घरात जी ऊर्जा खर्च होते, तिच्यातला साधारण अठरा टक्के वाटा पाणी तापवण्याचा असतो. घर उबदार वा गार ठेवण्याच्या खालोखाल तोच. आपल्या न्हाणीघरातल्या गीझरसारखे हे साधन डोळ्यांसमोर नसते. तळघरात किंवा गॅरेजच्या कोपऱ्यात पुरुषभर उंचीची, चाळीस-पन्नास गॅलनची टाकी उभी असते आणि ती चोवीस तास पाणी तापते ठेवते. घरात कोणी नसले तरी. गॅसवरची टाकी उघडून पाहिली तर मराठी माणसाला ओळख पटेल : खाली जाळ, मधोमध वर जाणारे धुराडे आणि त्याभोवती पाणी. म्हणजे आपला तांब्याचा बंबच. फरक इतकाच की नरक चतुर्दशीच्या पहाटे आपल्या बंबात लाकडे घालायला कोणाला तरी उठावे लागे, आणि पिट्सबर्गमधल्या एडविन रूड या नॉर्वेहून आलेल्या अभियंत्याने १८८९ च्या सुमारास स्वयंचलित साठवण-बंब बनवून ते उठणे संपवले. उठणे संपले तसे जळणाकडे लक्ष देणेही संपले.

*

सरकारने पैसे द्यायच्या कितीतरी आधी अमेरिकेत सौर बंबांचा धंदा चालत होता, हे सहसा सांगितले जात नाही. केन बुटी आणि जॉन पर्लिन या दोघांनी १९८० मध्ये ‘अ गोल्डन थ्रेड’ हे पुस्तक लिहून तो इतिहास उजेडात आणला. बाल्टिमोरच्या क्लॅरन्स केम्पने १८९१ मध्ये ‘क्लायमॅक्स’ नावाच्या सौर बंबाचे पेटंट घेतले. काळ्या रंगाच्या पाण्याच्या टाक्या काच लावलेल्या लाकडी पेटीत ठेवायच्या आणि पेटी छपरावर चढवायची, एवढीच युक्ती. कोळसा महाग असलेल्या कॅलिफोर्नियात तो चांगला खपला. पॅसाडेना गावात १८९७ पर्यंत साधारण तीस टक्के घरांवर तो होता. त्याची खोड एकच, रात्री पाणी निवत असे. विल्यम बेली याने १९०९ मध्ये पाणी तापवणाऱ्या नळ्या आणि पाणी साठवणारी टाकी वेगळी केली आणि टाकीला जाड अस्तर घातले. पहाटेही गरम पाणी मिळू लागले, म्हणून कंपनीचे नाव ‘डे अँड नाइट’. आजही घरावर जो सौर बंब दिसतो, त्याची मूळ मांडणी बेलीचीच.

मग १९२० च्या दशकात लॉस एंजेलिसच्या आसपास नैसर्गिक वायू सापडला. गॅस स्वस्त झाला. बेली व्यवहारी होता. त्याने आपली सौर विद्या बाजूला ठेवली आणि त्याच नावाने गॅसचे बंब विकायला सुरुवात केली. त्यातही तो मोठा झाला. सौर बंब तिथून फ्लोरिडात गेला. बुटी आणि पर्लिन यांच्या हिशेबाने १९४१ पर्यंत मायामीतल्या निम्म्याहून अधिक घरांत पाणी सूर्यावर तापत होते. युद्ध आले, तांबे लष्करासाठी राखून ठेवले गेले आणि तांब्याच्या नळ्यांवाचून धंदा थांबला. युद्धानंतर वीज कंपन्यांनी स्वस्त दर आणि विजेचे बंब यांची जोडी पुढे केली. पुन्हा सौर बंब लावायला कोणी फारसे राजी नव्हते.

या पहिल्या अध्यायात सरकारचा एक डॉलरही नाही. बंब चालला तो इंधन महाग होते म्हणून आणि गेला तो इंधन स्वस्त झाले म्हणून. पुढे सरकार मध्ये आले ते हे चक्र मोडण्यासाठी. ते मोडले का, हा या लेखाचा प्रश्न आहे.

*

ऑक्टोबर १९७३ च्या अरब-इस्रायल युद्धानंतर अरब देशांनी अमेरिकेचे तेल रोखले. पेट्रोल पंपांवर रांगा लागल्या. एप्रिल १९७७ मध्ये अध्यक्ष जिमी कार्टर यांनी काँग्रेसपुढे आपली ऊर्जायोजना मांडली. १९८५ पर्यंत पंचवीस लाख घरे सूर्याचा वापर करतील, हे तिच्यातले एक उद्दिष्ट. दीड वर्षाच्या घासाघाशीनंतर ९ नोव्हेंबर १९७८ रोजी कार्टर यांनी ज्या कायद्यांवर सही केली, त्यांत एनर्जी टॅक्स ॲक्ट होता. फॉर्म ५६९५ चा जन्म त्याच्या पोटी झाला.

कायद्यात दोन वाटा होत्या. घराला ऊब धरून ठेवणाऱ्या कामांवर पहिल्या दोन हजार डॉलरच्या खर्चावर १५ टक्के, म्हणजे जास्तीत जास्त तीनशे डॉलर. यात एक गमतीची तरतूद होती. उष्णतारोधक अस्तर फक्त घराच्या भिंतींना नव्हे, तर बंबाला घातले तरी सवलत लागू. म्हणजे टाकीभोवती गुंडाळायची रजई घेतली तर तिच्या किमतीचा पंधरा टक्के भाग सरकार सोसणार. जगातल्या सगळ्यात बलाढ्य देशाच्या विधिमंडळाने बंबाच्या रजईचा कायद्यात उल्लेख करावा, यात हसण्यासारखे काही नाही. त्या रजईइतकी कमी पैशांत इतकी ऊर्जा वाचवणारी वस्तू त्या यादीत दुसरी क्वचितच होती.

दुसरी वाट सूर्य आणि वाऱ्याची. पहिल्या दोन हजारांवर ३० टक्के आणि पुढच्या आठ हजारांवर २० टक्के, कमाल बावीसशे डॉलर. समजा कोणी अडीच हजारांचा सौर बंब बसवला. त्याचे सहाशे आणि शंभर असे सातशे डॉलर करातून सुटत. १९८० च्या एप्रिलमध्ये तेल कंपन्यांच्या अवचित नफ्यावर कर बसवणारा कायदा झाला, त्याच कायद्याने ही सवलत पहिल्या दहा हजारांवर सरसकट ४० टक्के केली. त्याच बंबावर आता हजार डॉलर सुटू लागले. कॅलिफोर्निया राज्याने आपल्या करातून ५५ टक्क्यांपर्यंत सवलत देऊ केली होती. मुदत सगळ्यांना माहीत होती : ३१ डिसेंबर १९८५.

यादरम्यान २० जून १९७९ रोजी व्हाइट हाउसच्या पश्चिम कक्षाच्या छपरावर बत्तीस सौर पट्ट बसले. त्यावर तापणारे पाणी खालच्या भोजनगृहाला जायचे. कार्टर यांनी पत्रकारांना छपरावर बोलावले आणि जे भाषण केले, त्यातला विचार आजही दचकवतो. एका पिढीनंतर हा बंब एक तर एखाद्या मोठ्या वाटचालीचा आरंभ ठरलेला असेल, नाही तर संग्रहालयातली एक कुतूहलाची वस्तू, न चाललेल्या रस्त्याचे उदाहरण, असे ते म्हणाले. राजकारणी सहसा आपल्या अपयशाची शक्यता अशी नेमकी सांगत नाहीत.

सवलतीने धंदा उभा राहिला, यात शंका नाही. पण तो कसा उभा राहिला हेही पाहिले पाहिजे. गिऱ्हाइकाला विकायची वस्तू गरम पाणी नव्हती. चाळीस टक्के ही होती. दारोदार फिरणारे विक्रेते बंबाऐवजी कराचा तक्ता उघडत. किमती सवलतीच्या मापाने फुगल्या. घाईघाईने शिकलेल्या हातांनी घाईघाईने बसवलेल्या नळ्या थंडीत फुटल्या, छपरे गळली. (बेलीने १९१३ च्या गारठ्यानंतर नळ्यांत न गोठणारे द्रव भरण्याची तोड काढली होती; सत्तर वर्षांनी तोच धडा पुन्हा फुटक्या नळ्यांवर शिकावा लागला.) चांगले कारागीर आणि भुरटे यांच्यात फरक करायची सवलतीपाशी काही सोय नव्हती. फॉर्म फक्त किंमत विचारत होता. किती पाणी तापले हे विचारत नव्हता.

३१ डिसेंबर १९८५ ला मुदत संपली आणि ती वाढली नाही. पुढच्या काही महिन्यांत तेलाचा भाव निम्म्याहून खाली आला. हे दोन घाव एकाच वेळी बसले. ज्या धंद्याचा विक्रीचा मुद्दाच करसवलत होता, त्याच्यापाशी दुसरा मुद्दा उरला नाही. बहुतेक उत्पादकांनी दारे लावली. बसवलेले बंब दुरुस्त करायला माणूस मिळेना. छपरावर मेलेला बंब शेजाऱ्यांना दिसतो, तळघरातला दिसत नाही. सौर बंबाची जी अपकीर्ती त्या काळात झाली, ती पुढची वीस वर्षे पुसली गेली नाही.

१९८६ मध्ये व्हाइट हाउसच्या छपराची दुरुस्ती निघाली तेव्हा रेगन सरकारने ते पट्ट उतरवले आणि परत चढवले नाहीत. पुढे मेन राज्यातल्या युनिटी कॉलेजने ते मागून नेले आणि आपल्या भोजनगृहाच्या छपरावर लावून पाणी तापवले. त्यांतला एक आता वॉशिंग्टनच्या स्मिथसोनियन संग्रहालयात आहे, एक कार्टर यांच्या ग्रंथालयात आणि एक चीनमधल्या देझोऊ शहरातल्या सौर संग्रहालयात. कार्टर यांच्या भाकिताचा दुसरा अर्धा भाग अक्षरशः खरा ठरला. तिसरा पट्ट चीनला गेला, हे मात्र त्यांनी सांगितले नव्हते. जगातले बहुसंख्य सौर बंब पुढे त्याच देशात लागले.

*

रेगन यांना खलनायक ठरवून मोकळे होता येत नाही. मार्च १९८७ मध्ये त्यांनीच घरगुती उपकरणांच्या कार्यक्षमतेचा राष्ट्रीय कायदा सहीनिशी मंजूर केला. त्याच्या आदल्या वर्षी असाच कायदा त्यांनी रोखून धरला होता. पण राज्याराज्यांचे निरनिराळे नियम पाळण्यापेक्षा देशभर एकच नियम बरा, असे उत्पादकांनाच वाटू लागले होते. या कायद्याने बंबांसाठी किमान कार्यक्षमता ठरवून दिली. त्यात कोणाला पैसे मिळत नव्हते, छपरावर सोहळा नव्हता, कुठला फॉर्म नव्हता. दुकानात वाईट टाकी मिळेनाशी झाली, इतकेच. माझ्या मते अमेरिकन तळघरांत जो बदल सर्वाधिक टिकला तो या न गाजलेल्या कायद्याने केला.

बक्षीस द्यायचे की नियम करायचा, या प्रश्नाची दोन उत्तरे त्याच काळात इतरत्र दिसत होती. इस्रायलने १९८० मध्ये नव्या निवासी इमारतींना सौर बंब सक्तीचा केला. आज तिथल्या बहुसंख्य घरांवर तो आहे. अमेरिकेतच हवाई राज्यात वीज मुख्यतः तेल जाळून होत असल्याने महाग होती. त्या राज्याने आपली स्वतःची सवलत १९७६ पासून चालू ठेवली, केंद्राची गेली तरी मोडली नाही, आणि २०१० पासून नव्या एककुटुंबी घरांना सौर बंब बंधनकारक केला. सवलत तिथेही होती. फरक इतकाच की ती पुढल्या वर्षी असेल का, ही धास्ती धंद्याला नव्हती.

*

८ ऑगस्ट २००५ रोजी धाकट्या बुश यांनी एनर्जी पॉलिसी ॲक्टवर सही केली आणि फॉर्म ५६९५ ला पुनर्जन्म मिळाला. सौर बंबाला खर्चाच्या ३० टक्के, कमाल दोन हजार. अट अशी की बंबाची निम्मी तरी ऊर्जा सूर्यापासून यावी आणि ते पाणी पोहण्याच्या तलावासाठी वा गरम पाण्याच्या कुंडासाठी नसावे. गंमत म्हणजे दोनेक वर्षांपूर्वी खुद्द व्हाइट हाउसच्या आवारात जी सौर योजना गाजावाजा न करता बसली होती, तिच्यातला एक संच अध्यक्षांच्या पोहण्याच्या तलावाजवळच्या गरम कुंडासाठीच होता.

या वेळी यादीत एक नवा गडी होता : उष्मापंपावर चालणारा बंब, म्हणजे हीट पंप वॉटर हीटर. त्याला उलटा लावलेला फ्रिज म्हणता येईल. फ्रिज आतली उष्णता काढून मागच्या जाळीतून बाहेर टाकतो. हा बंब तळघरातल्या हवेतली उष्णता काढून टाकीतल्या पाण्यात टाकतो. वीज पाणी तापवायला लागत नाही, उष्णता उचलून नेण्याची हमाली करायला लागते. म्हणून एक एकक विजेत तीन किंवा त्याहून अधिक एकके उष्णता पाण्याला मिळते. साध्या कॉइलच्या बंबात एकाला एकही पुरती मिळत नाही. जाता जाता तळघरही थोडे गार आणि कोरडे होते. कल्पना जुनीच. ओक रिज राष्ट्रीय प्रयोगशाळेच्या देखरेखीखाली सत्तरच्या दशकाच्या अखेरीस असे बंब बनवून पाहिले गेले होते. पण २००६ मध्ये सवलत लागू झाली तेव्हा मोठ्या कंपनीचा असा बंब दुकानात सहज मिळत नव्हता. जनरल इलेक्ट्रिकचा जिओस्प्रिंग २००९ च्या अखेरीस आला. तोवर तीनशे डॉलरचे बक्षीस जाहीर होते आणि ते ज्यावर घ्यायचे ती वस्तूच जवळपास नव्हती.

इथून पुढचा इतिहास तारखांचा आहे आणि तो कंटाळा न करता वाचावा, कारण सगळी गोष्ट त्या तारखांतच आहे. घरसुधारणेची ही सवलत २००६ आणि २००७ साठी होती. २००८ मध्ये ती नव्हती. २००९ आणि २०१० मध्ये ओबामा सरकारच्या मंदीनिवारण कायद्याने ती ३० टक्के आणि दीड हजार डॉलरपर्यंत वाढवली. २०११ मध्ये पुन्हा तीनशेवर आली. २०११ अखेर संपली. जानेवारी २०१३ मध्ये, सरलेल्या २०१२ सकट, पुन्हा जिवंत केली. २०१३ अखेर संपली. १९ डिसेंबर २०१४ ला मागल्या तारखेपासून लागू झाली आणि त्याच महिनाअखेर, म्हणजे बारा दिवसांनी, परत संपली. २०१५ च्या डिसेंबरात २०१६ अखेरपर्यंत वाढली. मग ९ फेब्रुवारी २०१८ ला काँग्रेसने जे केले ते या मालिकेचा कळस आहे : सवलत ३१ डिसेंबर २०१७ पर्यंत वाढवली. सही झाली त्या दिवशी ती सवलत संपून चाळीस दिवस झाले होते. त्या कायद्याने एकाही माणसाला एकही बंब घ्यायला प्रवृत्त करणे शक्यच नव्हते. ज्यांनी आधीच घेतला होता, त्यांना मात्र त्याचे पैसे मिळाले. २०१९ च्या डिसेंबरात २०१८ पासून लागू होणारी आणखी एक मुदतवाढ आली.

करकायद्यांच्या जगात याला काही फार विचित्र समजत नाहीत. दर वर्षअखेरीला संपत आलेल्या पाच-पन्नास सवलतींचे गाठोडे बांधून ते एकत्र पुढे ढकलायचे, ही तिथली रीतच आहे. एक वर्षाची सवलत अंदाजपत्रकात स्वस्त दिसते. दहा वर्षांची महाग दिसते. म्हणून सगळेच तात्पुरते. पण बंबाच्या टाकीचे आयुष्य दहा ते पंधरा वर्षांचे असते. ती कधी बदलायची हे कायदा ठरवत नाही, गंज ठरवतो. बहुतेक लोक बंब बदलतात तो टाकी फुटल्यावर. जानेवारीची सकाळ, तळघरात पाणी, मुलांना शाळेत जायचे आहे आणि नळाला थंडगार पाणी. अशा वेळी प्लंबरला फोन केला की तो त्याच्या गाडीत असलेली टाकी आणतो, आणि ती गेलेल्या टाकीसारखीच असते. कारण उष्मापंपाच्या बंबाला वेगळी जागा, वेगळी जोडणी, निचऱ्याची नळी लागते. तो मागवायला वेळ जातो. सवलतीचे पैसे पुढच्या वर्षी एप्रिलनंतर मिळणार, तेही सवलत तोवर शिल्लक असली तर. त्या सकाळी कोणीही फॉर्म ५६९५ चा विचार करत नाही. ती सकाळ कायद्याच्या कर्त्यांच्या डोळ्यांपुढे कधी होती असे त्यांच्या मसुद्यांवरून दिसत नाही.

जिओस्प्रिंगचे काय झाले? २०१२ मध्ये कंपनीने त्याचे उत्पादन चीनमधून उचलून केंटकी राज्यातल्या लुइव्हिलला आणले, कारखाने मायदेशी परतू लागल्याचा नमुना म्हणून त्याचे कौतुक झाले, आणि २०१६ मध्ये कंपनीने तो बनवणे थांबवले. याला एकटी करसवलत जबाबदार नव्हती. पण आपल्या मालाला पुढल्या वर्षी तीनशे डॉलर मिळतील, पंधराशे मिळतील की काहीच नाही, हे ज्या कारखानदाराला कळू शकत नाही त्याने नवा साचा किती हिमतीने टाकावा?

*

आता पैसे कोणाच्या हाती गेले ते पाहू. स्टॅन्ली सरी नावाचे हार्वर्डचे कायदेपंडित साठच्या दशकात अमेरिकेच्या अर्थखात्यात करधोरणाचे प्रमुख होते. त्यांनी ‘कर-खर्च’ ही संकल्पना रूढ केली. सरकारने एखाद्याला शंभर डॉलर दिले काय आणि त्याच्याकडून येणारे शंभर सोडले काय, तिजोरीच्या दृष्टीने एकच. म्हणून सोडलेला करही खर्चाच्या वहीत मांडला पाहिजे, हे त्यांचे म्हणणे. १९७४ च्या अंदाजपत्रक कायद्याने अशी यादी सक्तीची केली. सरींचा खरा रोख यापुढे होता. अनुदान म्हणून कोणी मांडायला धजणार नाही अशी योजना करसवलतीच्या वेषात सहज मंजूर होते, याकडे ते बोट दाखवत.

बंबाचे क्रेडिट त्यांच्या मुद्द्याला तंतोतंत लागू पडते. ते परत मिळण्याजोगे नव्हते. ज्याला करच लागत नाही, त्या निवृत्त विधवेला किंवा दोन नोकऱ्या करणाऱ्या गरीब कुटुंबाला त्यातून शून्य. घरमालक स्वतः त्या घरात राहत नसेल तर त्यालाही नाही. म्हणजे भाड्याच्या घरात टाकीचे पैसे मालक देणार, विजेचे बिल भाडेकरू भरणार, आणि चांगली टाकी घ्यावी असे दोघांपैकी कोणालाच वाटणार नाही. सेव्हेरिन बोरेनस्टाइन आणि लुकास डेव्हिस या कॅलिफोर्निया विद्यापीठातल्या अर्थशास्त्रज्ञांनी २००६ पासूनच्या कर-विवरणपत्रांचा हिशेब मांडला. घरगुती स्वच्छ ऊर्जा, विजेच्या मोटारी वगैरे सवलतींपोटी सरकारने तोवर सोडलेल्या अठरा अब्ज डॉलरांपैकी सुमारे साठ टक्के सर्वांत श्रीमंत पंचमांश कुटुंबांना मिळाले, आणि खालच्या तीन पंचमांशांना मिळून दहा टक्के. आंघोळ दोघेही करतात.

दुसऱ्या टोकाला वेगळाच प्रकार. करखात्यावर देखरेख ठेवणाऱ्या महानिरीक्षकांनी २०११ मध्ये तपासणी केली, तेव्हा नमुन्यातल्या तीस टक्के दावेदारांच्या नावावर घर असल्याची कुठे नोंदच सापडली नाही. सवलत घेतलेल्यांत तुरुंगात असलेले कैदीही निघाले. घराच्या ऊर्जाबचतीसाठी तुरुंगातून अर्ज! फॉर्म तेव्हाही घराचा पत्ता विचारत नव्हता.

इथे पुणे महापालिकेची आठवण होते. सौर बंब, गांडूळखत किंवा पावसाच्या पाण्याची साठवण करणाऱ्यांना पुण्यात मिळकतकरात पाच ते दहा टक्के सवलत मिळते. रक्कम लहान. पण ती प्राप्तिकरातून नव्हे, घरपट्टीतून वजा होते. घरपट्टी गरीब निवृत्तालाही असते, ज्या घराची सवलत ते घर आपोआप नोंदलेले असते आणि ती एकदाच नाही, दर वर्षी मिळते; म्हणजे बंब चालू ठेवण्यातही थोडा स्वार्थ उरतो. महापालिकेच्या कारभाराला कोणी जगासमोर आदर्श म्हणून ठेवणार नाही, मीही ठेवत नाही. सवलत कराच्या कुठल्या फांदीला टांगायची, हा तपशील मात्र तिथे बरा साधला आहे.

*

१६ ऑगस्ट २०२२ रोजी बायडन यांनी सही केलेल्या इन्फ्लेशन रिडक्शन ॲक्टने जुन्या चुका ओळखल्या होत्या असे दिसते. उष्मापंपाच्या बंबाला खर्चाच्या ३० टक्के, वर्षाला दोन हजार डॉलरपर्यंत. आयुष्यभराची मर्यादा काढून वार्षिक मर्यादा. आणि मुख्य म्हणजे मुदत २०३२ अखेरपर्यंत. दहा वर्षे. पहिल्यांदाच कायद्याचे आयुष्य टाकीच्या आयुष्याएवढे झाले. शिवाय गरीब व मध्यम उत्पन्नाच्या कुटुंबांसाठी वेगळी योजना होती, तिचा कराशी संबंधच नव्हता. अशा बंबावर साडेसतराशे डॉलरपर्यंतची सूट खरेदीच्या वेळीच बिलातून वजा व्हायची. ती राज्यांमार्फत राबवायची होती आणि राज्यांना यंत्रणा उभारायला वेळ लागला. न्यूयॉर्कने ती सर्वांत आधी सुरू केली, तेव्हा २०२४ चा मे उजाडला होता.

२०२३ सालच्या विवरणपत्रांत तेवीस लाखांहून अधिक कुटुंबांनी घरसुधारणेची सवलत घेतली. त्यांत उष्मापंपाच्या बंबासाठी दावा करणारी कुटुंबे लाखभर. खिडक्या आणि अस्तर यांचे दावे त्याच्या सहा-सात पट. खिडकी लोक हौसेने बदलतात, बंब नाइलाजाने.

एप्रिल २०२४ मध्ये ऊर्जा खात्याने १९८७ च्या जुन्या कायद्याच्या आधारे नवा नियम जाहीर केला : मे २०२९ पासून बाजारात येणारे विजेचे बहुतेक साठवण-बंब उष्मापंपाच्या तोडीचे असावे लागतील. पुन्हा तीच दोन हत्यारे शेजारी शेजारी आली, बक्षीस आणि नियम.

४ जुलै २०२५ रोजी ट्रम्प यांनी सही केलेल्या कायद्याने बक्षिसाची दहा वर्षे तिसऱ्या वर्षाअखेर संपवली. ३१ डिसेंबर २०२५ नंतर बसवलेल्या बंबाला सवलत नाही. सौर बंबाच्या वेगळ्या सवलतीलाही तीच तारीख. चाळीस वर्षांपूर्वीही ती ३१ डिसेंबरच होती, १९८५ ची. या खेपेला करखात्याने स्पष्टीकरणही दिले आहे : पैसे कधी भरले याला महत्त्व नाही, बंब बसून चालू कधी झाला याला आहे. डिसेंबरात विकत घेतलेला आणि प्लंबर मिळाला नाही म्हणून जानेवारीपर्यंत खोक्यातच राहिलेला बंब फॉर्म ५६९५ च्या कोणत्याही रकान्यात लिहिता येणार नाही.